शोकेसमागची पिवळी दोरी

मंदा, तुझ्या ओटीवरच्या इंटरनेटच्या डबीचा हिरवा दिवा परवा लागला. रमाकांत केबलवाल्याने तिथूनच मला फोन केला, "बाई, आली लाइन." मी "बरं" म्हटलं आणि फोन ठेवला. त्या वेळी तुझ्या घरात दुसरं कोणी नव्हतं. तेराव्याला आलेली माणसं परत गेली होती, तुझा मंगेश उरणला त्याच्या कंटेनरच्या गाड्यांवर गेला होता, आणि ज्या पाहुण्यांसाठी तू दिवसातून दहादा त्या दिव्याकडे बघायचीस त्यांच्या खोल्यांना कुलूप होतं. तुझं मांजर तेवढं पायरीवर होतं, असं रमाकांत म्हणाला.

तो दिवा इतके आठवडे का लागत नव्हता, ते मला आता कळलं आहे. तुला ते आधीच कळलं होतं, हेही आता कळलं आहे. या दुसऱ्या गोष्टीमुळे मी लिहायला बसले.

हे माझ्या नातवंडांसाठी, निहार आणि सईसाठीही आहे. ती तिकडे नेदरलँड्समध्ये, आणि मराठी वाचायला दोघांनाही जड जातं, म्हणून त्यांचा बाबा त्यांना हे वाचून दाखवील. इंग्रजीत लिहिलं असतं तर मलाही सोपं गेलं असतं. पण इंग्रजी मी जन्मभर शिकवलं. त्या भाषेत वाक्य कसं फिरवायचं म्हणजे दोष कोणाच्याच अंगाला लागत नाही, हे मला फार चांगलं येतं. तू पोरांशी कधी मराठीशिवाय बोलली नाहीस. तेव्हा मराठीतच.

पोरांनो, तुम्ही आपली वाडी फक्त पडद्यावर पाहिली आहे, म्हणून थोडं सांगते. नागावच्या रस्त्याला लागून माझं घर. मागे नारळ आणि सुपारी, मध्ये पाटाचं पाणी, आणि अगदी टोकाला, समुद्राच्या बाजूला, छोटी आजीचं घर. आम्ही दोघी सख्ख्या जावा. तुमचे आजोबा आणि तिचे यजमान दोघेही गेले, आणि एका वाडीच्या दोन टोकांना आम्ही दोघी उरलो. मी उरणच्या शाळेतून निवृत्त होऊन इथे आले तेव्हा ती इथेच होती. ती कायमच इथे होती. मी शिकवत होते, घर लावत होते, तेव्हा वाडी तिने सांभाळली, सासूबाईंचं तिने केलं, आणि पुढे दोन खोल्या बांधून होमस्टेही तिनेच सुरू केला.

मंदा, इंटरनेट आणायचं तुझ्या डोक्यातून निघालं. मी तेव्हा म्हटलं होतं, "आपल्याला काय करायचंय त्याचं?" तू म्हणालीस, "पाहुनं इचारतात, बाई. समुद्र नसला तरी चालंल, वायफाय पायजे." कंपनीची लाइन रस्त्याकडून येणार, म्हणजे आधी माझ्या घरात. तिथून वाडीतून तुझ्या घरापर्यंत आपली आपण न्यायची. पहिल्यांदा साधी तांब्याची वायर टाकली. खाऱ्या वाऱ्याने तिची टोकं हिरवी पडली आणि एका विजेच्या कडकडाटात दोन्हीकडच्या डब्या जळाल्या. मग रमाकांतने काचेची तार सुचवली. हिच्यात वीज नसते, नुसता उजेड असतो, मीठ लागो की वीज पडो, हिला काही होत नाही, असं तो म्हणाला. आपण दोघीही त्याच्याकडे संशयानेच बघत होतो. त्याने याआधी केबल टीव्हीच्या नावाने काय काय सांगितलं होतं ते आपल्या लक्षात होतं.

त्याने खिशातून तो तुकडा काढून तुझ्या तळहातावर ठेवला, ते आठवतं का? बोटाच्या दोन पेरांएवढा, चकचकीत, तोंडाला दोन भोकं असलेला. तो म्हणाला, याला मॉड्यूल म्हणतात. एक बाईंच्या डबीत बसणार, एक तुमच्या. हा विजेचा उजेड करतो आणि पलीकडचा उजेडाची पुन्हा वीज करतो.

तू तो उलटासुलटा केलास. "ही तर शेंग हाय. वालाची."

"काकी, महाग आहे, पाडू नका."

"आन दोन भोकं कशाला?"

"एका तारेतून बोलायचं, दुसरीतून ऐकायचं."

"म्हंजे बाई न् मी," तू म्हणालीस. "बाई बोलनार, मी ऐकनार."

रमाकांत हसला. मी हसले नाही. मला वाटलं होतं, खरं तर उलटंच आहे. दिवसभर बोलतेस तू. पण त्या दिवसापासून आपल्या घरात त्या मॉड्यूलचं नाव शेंग पडलं. पोरंही शेंगच म्हणायला लागली. सईने शाळेत चित्र काढलं होतं, दोन घरं आणि मध्ये उजेड भरलेली हिरवी शेंग. ते चित्र तिने मला दाखवलं, पण काढलं होतं तुझ्यासाठी.

तुझी आणि माझी त्या तारेवरून भांडणं पहिल्या महिन्यापासून सुरू झाली. तार नारळांच्या खोडांवरून ओढली होती आणि तू तिच्यावर पाहुण्यांच्या चादरी वाळत घातल्यास. मी म्हटलं, तार आहे ती, दोरी नाही. तू म्हणालीस, तार म्हंजे दोरीच की. मग एकदा तुझ्याकडची लाइन गेली आणि रमाकांत येईपर्यंत दम न निघून तू ती शेंग उपसलीस आणि तारेचं टोक पदराने पुसलंस. त्याने कपाळावर हात मारला. त्या टोकाला धुळीचा कणसुद्धा चालत नाही, आणि तुझ्या पदराला तर मासळी, हळद, सगळंच. मी ती गोष्ट रविवारी टॅब्लेटवर पोरांना रंगवून सांगितली. सगळे हसले, तूही हसलीस. मी मात्र ती गोष्ट मनात जपून ठेवली. पुढे कधीतरी उपयोगी पडेल अशी.

आता रविवारचं लिहायला हवं.

आपल्या संध्याकाळी त्यांची दुपार असते. मी आधीपासून तयार असायची. टॅब्लेट शोकेसच्या समोर टेबलावर, मागे भिंत स्वच्छ, डोक्यावर दिवा. मी त्यांच्यासाठी काहीतरी काढून ठेवायची, एखादी गोष्ट, नवा शब्द, जुना फोटो. पोरं ऐकायची. चांगल्या वळणाची आहेत, ऐकून घेतात. आणि मग तू यायचीस. नळावर पाय धुऊन, कारण मी सांगून ठेवलं होतं, लादी पुसलेली असते. ओल्या पावलांनी येऊन खुर्चीच्या कडेला बसायचीस आणि पडद्यात तोंड घालून म्हणायचीस, "काय रं, जेवलात का?" एवढंच. निहार ताठ बसायचा. सई आतल्या खोलीतून पळत यायची. तू कधी कच्ची सुपारी दाखवायचीस, कधी मांजराचं पिल्लू पदरातून काढायचीस, कधी नुसता खरचटलेला गुडघा. मी बाजूला सरकायची. सरकताना खुर्ची सरळ करायची, टेबलावरचा रुमाल सरळ करायची. तुझ्या लक्षात येत होतं का, मंदा? मला वाटायचं, येत नाही. आता मी तुझ्याबद्दल असं काहीच खात्रीने सांगू शकत नाही.

मार्गशीर्षात मी घर साफसफाईला काढलं. गुरुवारची पूजा असते म्हणून नव्हे, मी दरवर्षीच काढते. शोकेसच्या वरच्या भिंतीवर ती पिवळी दोरी होती. माझ्या डबीपासून भिंतीतल्या जोडापर्यंतची काचेची तार. रमाकांतने हवी त्यापेक्षा लांब आणली होती आणि उरलेली ताटाएवढ्या वेढ्यांत खिळ्याला लटकवली होती. ते वेढे निहार-सईच्या फोटोच्या शेजारी लोंबायचे. रविवारी माझ्या डोक्यामागे पडद्यावर दिसायचे. मला ते सहन होत नव्हतं.

मी दोरी खिळ्यावरून काढली. चार बोटांभोवती घट्ट गुंडाळली, इस्त्रीची वायर गुंडाळते तशी. मध्ये दाबून चपटी केली. दोन्ही टोकांना रबर लावले. ती गुंडी शोकेसमागे सारली आणि शोकेस भिंतीला टेकवली. डबीवर माझा विणलेला रुमाल घातला. भिंत कशी छान मोकळी दिसायला लागली. मी दोन पावलं मागे जाऊन बघितलं, ते मला आठवतं. समाधान झालं होतं.

पुढच्या दिवसांत तुझ्याकडची लाइन अधूनमधून तुटायला लागली. मग एक दिवस गेलीच.

माझ्याकडे सगळं चालू होतं. कंपनीची लाइन माझ्या डबीत येत होती, माझा टॅब्लेट चालत होता. मग बिघाड कुठे असणार? तुझ्याकडे. चादरी, पदर, मांजर, नारळ पाडणारा गडी. तू दारात उभी राहून म्हणालीस, "बाई, तुमच्याकडं काय हलवलं का?" आणि मी म्हटलं, "माझ्याकडे वस्तू जागच्या जागी असतात, मंदा."

रमाकांत आला. त्याने तुझ्याकडची शेंग बदलली. टोकं साफ केली. शिडी लावून खोडांवरची सगळी तार तपासली. दोनदा आला, दोन्ही वेळा हे बदल, ते बदल. शेवटी माझ्या पायरीशी येऊन म्हणाला, "बाई, तुमच्याकडचं टोक एकदा बघू का?"

"माझ्याकडे सगळं चालू आहे."

"तरी पण नजर टाकतो."

"लादी आत्ताच पुसली आहे. आणि बघायचं काही नाही."

तो चपला घालून गेला. मी डबीवरचा रुमाल उचलून पाहिला असता तरी कळलं असतं. त्यात एक छोटा दिवा तुझ्या तारेचा होता, तो विझलेला असणार. मी रुमाल उचलला तो धूळ झटकायला, आणि तसाच पुन्हा घातला.

ते नाताळचे दिवस होते. नागाव माणसांनी भरलेलं. तुझे पाहुणे ओटीवर फोन हातात धरून फिरत होते आणि मग शेजारच्या होमस्टेत जाऊन बसत होते. एका कुटुंबाने खोली सोडली. तू मला काही म्हणाली नाहीस. मी तुला म्हणाले, "जरा शिस्त ठेव, म्हणजे असं होत नाही."

आणि पोपटी. पोरांनो, तुम्हाला पोपटी म्हणजे काय ते छोटी आजीनेच सांगितलं होतं, आठवतं ना? थंडीत वालाच्या शेंगा आल्या की मडक्यात भांबुर्ड्याचा पाला, शेंगा, अंडी, मीठ, ओवा भरायचा, पाण्याचा थेंबही नाही, पाल्यानेच तोंड बंद करायचं, मडकं उलटं ठेवून भोवती झावळ्यांचा जाळ करायचा. तिने तुम्हाला वचन दिलं होतं की यंदा मडकं फोडताना तुम्हाला दाखवीन. "धूर कसा येतो ते बघा, वास मातर तुमचा तुम्ही घ्या." ते तिच्या अंगणातूनच दाखवायचं होतं. वाडीत फोनला बोलण्यापुरतीच रेंज असते, व्हिडिओ चालत नाही, तिचं वायफाय बंद होतं, तरी तिने बेत मोडला नाही.

तो रविवार. मंदा, तू तिकडे जाळाशी, आणि मी इकडे पोरांसमोर. तू मला सांगून ठेवलं होतंस, "मडका निघाला की घेऊन तुमच्याकडं येते. त्यांना थांबवून ठेवा. गरम गरम दावू." मी हो म्हटलं होतं.

मी त्यांच्याशी बोलत होते. निहार मध्येच विचारायचा, "छोटी आजी कधी येणार?" मी बोलत राहिले. सईने विचारलं, "मडकं झालं का?" मी म्हटलं, "येईल, तिला उशीर होतो नेहमी." मग निहारने पुन्हा विचारलं, आणि मी म्हटलं, "तिची वायर बिघडली आहे. ती वस्तू नीट ठेवत नाही ना." असं अगदी सहज.

तेवढ्यात तू आलीस. वाडीतून चालत, धावतच म्हणायला हवं, टोपलीत केळीच्या पानावर शेंगांची रास, वाफ निघत होती. पाय गुडघ्यापर्यंत राखेने भरलेले, केसात झावळीचा तुकडा. तू पायरी चढत होतीस.

मी दाराशी येऊन हळूच म्हटलं, "पाय धुऊन ये."

तू टोपली पायरीवर ठेवलीस आणि नळाकडे गेलीस. पाण्याचा आवाज आला. मी परत टेबलाशी आले. पडद्यावर पोरं होती, दोघंही जवळ सरकलेली. त्यांना काही ऐकू गेलं नव्हतं. मी म्हटलं, "चला, पुरे आता, पुढच्या रविवारी बोलू," आणि बंद केलं.

आजवर हे मी कोणाला सांगितलेलं नाही. तू आत आलीस, पावलं स्वच्छ, टोपली पोटाशी धरलेली, आणि पडदा काळा होता.

"गेली का?" तू विचारलंस.

"त्यांना जेवायला जायचं होतं."

"आता? तिकडं तर दुपार सरली."

तू टोपली टेबलावर ठेवलीस. मी खाली वर्तमानपत्र घातलं. तू भिंतीकडे बघितलंस, फोटोकडे, खिळ्याकडे.

"ती पिवळी दोरी कुठं गेली, बाई?"

"आवरून ठेवली. किती वाईट दिसत होती."

"हं," तू म्हणालीस. तुझी नजर शोकेसवर गेली आणि परत आली. मग तू एक शेंग सोलून माझ्या हातात दिलीस. "खा. गार झाल्यावर मजा न्हाय."

मी खाल्ली. चांगली झाली होती. मी म्हटलं, मीठ थोडं जास्त आहे. तू म्हणालीस, मीठ बरोबर हाय, तुमची जीभ उरणच्या शाळेत ऱ्हायली. मिठावरचा हा आपला वाद सासूबाई असल्यापासूनचा आणि तो कधी संपलाच नाही. आता वाटतं, बरोबरच होतं मीठ.

पुढच्या रविवारी तू नेहमीपेक्षा लवकर आलीस. पाय धुऊन बसून राहिलीस. निहारने तुला पाहिल्यावर पहिल्यांदा हेच विचारलं. मुलं आहेत, मोठी माणसं सांगतात ते त्यांना खरंच वाटतं. "छोटी आजी, तू वायर नीट का नाही ठेवत? आम्हाला पोपटी बघायची होती."

मी तुझ्या शेजारी होते. तू एकदा माझ्याकडे बघितलंस. मग हसलीस, तुझं ते नेहमीचं, मोठ्याने. "व्हय रं बाबा. माझा घरच तसा हाय. सगळा पसारा." आणि पदरातून मांजर काढलंस.

मी गप्प बसले. तेव्हा मला ते खरंच वाटत होतं, म्हणून गप्प बसले, असं मी स्वतःला सांगू शकते. पण गप्प बसण्यात मला बरं वाटलं होतं, मंदा. पोरांसमोर एकदा तरी माझं बरोबर ठरलं होतं.

त्यानंतरच्या रविवारी तू आली नाहीस. छातीत दुखतंय म्हणून अलिबागला नेलं, आणि तू परत आलीस ती तशी. त्याबद्दल मी लिहीत नाही. मंगेशला माहीत आहे, मला माहीत आहे. मी हॉस्पिटलात तुझ्या उशाशी बसले होते तेव्हा तू काहीतरी सांगायला बघत होतीस. मी म्हटलं, "बोलू नकोस, दम लागेल." मी तुला ऐकायची सवयच लावून घेतली नव्हती.

पोरांना मी फोनवर सांगितलं. सई रडली आणि म्हणाली, "त्या दिवशी आम्ही थांबलो असतो. छोटी आजी का नाही आली?" मी म्हटलं, "वायर बिघडली होती, बाळा." मंदा, तू गेल्यावरही मी हेच म्हटलं.

परवा मंगेशने रमाकांतला बोलावलं. होमस्टे चालवायचा की नाही ते ठरायचं आहे, पण लाइन तरी नीट करून ठेवू, असं तो म्हणाला. रमाकांत माझ्या पायरीशी चपला काढून थांबला, काही न विचारता. तुझ्यासाठी आलेल्या माणसांच्या पावलांनी लादी आधीच भरली होती. मी म्हटलं, "ये, आत ये."

त्याने डबीवरचा रुमाल उचलून माझ्या हातात दिला. शोकेस पुढे ओढली. मागे वाकून बघितलं. मग खिशातून पेनासारखी वस्तू काढली, डबीतून तार काढून तिच्या टोकाला लावली. "बाई, पडदा लावा जरा." मी पडदा लावला. त्या पेनातून तांबडा उजेड तारेत जातो. तार सरळ असेल तर तो दिसत नाही, आतून पलीकडे निघून जातो. जिथे तार दुमडली असेल तिथे बाहेर गळतो.

ती गुंडी शोकेसमागे निखाऱ्यासारखी पेटलेली दिसत होती. जिथे जिथे मी दाबलं होतं, जिथे रबर होते, तिथे तिथे पिवळ्या दोरीतून तांबडं फुटत होतं. तुझ्या घराकडे जायचा सगळा उजेड तिथे, माझ्या फोटोंच्या मागे, सांडत होता.

रमाकांतने रबर कापले. मी त्याला म्हटलं, "तुटली असेल ना?" तो म्हणाला, "नाही. नुसती सोडायची होती." त्याने वेढे मोकळे केले, तार पुन्हा शेंगेत बसवली, आणि डबीवरचा दिवा लागला.

तो ओशाळला होता. "चूक माझीच आहे बाई, मी दोनदा आलो नि सगळं बदलत बसलो. इथं बघायलाच हवं होतं."

"मी येऊ दिलं नाही तुला."

तो दोरी खिळ्याला अडकवत राहिला. मग पाठ फिरवूनच म्हणाला, "काकींनी मला सांगितलं होतं तसं."

"काय?"

"पोपटीच्या दुसऱ्या दिवशी फोन केला होता. म्हणाल्या, बाईंनी दोरी आवरलीय, बिघाड तिथंच हाय. म्हटलं, मग लगेच येतो. तर नको म्हणाल्या. तू जाऊन दाखवलंस तर त्यांना लागंल. त्यांनी मन लावून आवरलाय. मी सांगीन हळूच, एखाद्या दिवशी."

मी खुर्चीवर बसले. तो चहाला थांबला नाही, तुझ्याकडचा दिवा बघायला वाडीतून गेला, आणि तिथून त्याने फोन केला.

म्हणजे निहारने विचारलं तेव्हा तुला ठाऊक होतं. माझ्या शेजारी बसून, माझ्या घरात, माझ्या सांगण्यावरून धुतलेले पाय खुर्चीखाली ओढून घेऊन, तू माझा दोष आपल्या अंगावर घेतलास आणि वर मांजर दाखवलंस. पडदा काळा का होता, तेही तुला कळलं असणार. त्यांची दुपार सरली होती, हे तूच म्हणाली होतीस.

लाज वाटते, हे मी अनेकदा लिहून खोडलं. शब्द छोटा पडतो असं नाही, बरोबर आहे शब्द. पण लाज वाटते असं म्हटलं की लाज वाटणारी मीच मध्ये येते, आणि गेलीस तर तू. दोरी चुकून दुमडली, ते समजत नव्हतं, ते मी सोडून देऊ शकेन. नळाचं पाणी वाजत असताना बोट त्या बटणावर ठेवलं, ते समजून केलं होतं.

आणखी एक. लाइन आणायची ठरली तेव्हा तू कोणासाठी आणली होतीस, ते मी मंगेशला परवा फोनवर विचारलं. तो म्हणाला, "पाहुण्यांचं निमित्त होतं, काकी. आई म्हणायची, बाई दिवसभर गप्प बसतात. पोरं दिसली म्हणजे बोलतील."

आज रविवार आहे. रमाकांतने लटकवलेले वेढे मी तसेच ठेवले आहेत, फोटोच्या शेजारी, ताटाएवढे. सकाळी हात गेला होता, परत घेतला.

टॅब्लेट घेऊन मी वाडीतून तुझ्याकडे आले आहे. पाटाच्या कडेने आले, चपला चिखलात रुतल्या म्हणून हातात घेतल्या. तुझ्या ओटीवरचा दिवा हिरवा आहे. पोरांना आता लावणार, आणि त्यांच्या बाबाला हे लिहिलेलं द्यायच्या आधी एक भाग मीच वाचून दाखवणार आहे, नळाचा. सई विचारील, छोटी आजी बाहेर उभी होती का? मी हो म्हणणार आहे. पुढे ती काय विचारील, ते मला माहीत नाही.

तुझ्या दारातही नळ आहे. इतक्या वर्षांत वाळूने, मातीने, राखेने भरलेले किती पाय तुझ्या घरात शिरले. मी मघाशी त्या नळाशी थांबले. मग आठवलं की तू कधी कोणाला थांबवलं नाहीस, आणि तशीच आत आले.